एनएफ टूच्या चार्टला क्यू८५.०२ की क्यू८५.०३? न्यूरोफायब्रोमॅटोसिस आणि श्वानोमॅटोसिस कोड कसं करायचं

मी मेडिकल कोडर, म्हणजे डॉक्टरांच्या नोट वाचून आजारांना आणि प्रोसिजरना ठरलेले कोड देणारी. दोन वर्षांपूर्वी क्यूएकडून (आमचं काम तपासणाऱ्या टीमकडून) माझा एक चार्ट, म्हणजे पेशंटच्या व्हिझिटची नोंद, परत आला. ईएनटी क्लिनिकची व्हिझिट होती, असेसमेंटच्या पहिल्याच ओळीत डॉक्टरने लिहिलेलं "एनएफ टू रिलेटेड श्वानोमॅटोसिस". एनएफ म्हणजे न्यूरोफायब्रोमॅटोसिस. मी कोडबुकाचा इंडेक्स (आजारांच्या नावांची यादी) उघडला, श्वानोमॅटोसिस शोधलं, समोर क्यू८५.०३, टॅब्युलरमध्ये (कोडच्या नंबरांच्या यादीत) जाऊन बघितलं, तिथेही स्वच्छ श्वानोमॅटोसिसच लिहिलेलं, टाकला कोड आणि पुढचा चार्ट घेतला. मिनिटभराचं काम. आणि क्यूएने एरर मारला, म्हणे कोड क्यू८५.०२ हवा. मी भांडले. म्हटलं इंडेक्स दाखवते तुम्हाला, शब्द तोच आहे. तर क्यूएवाली ताई म्हणाली, शब्द तोच आहे गं, आजार तो नाहीये.

तिचं बरोबर होतं. आणि गंमत म्हणजे तिलाही ते पाठ नव्हतं, पेशंटच्या प्रॉब्लेम लिस्टमध्ये मागच्या वर्षीचा क्यू८५.०२ पडलेला दिसला म्हणून तिने थांबून शोधलं. हा आजार असा आहे की महिन्या दोन महिन्यांनी एखादा चार्ट येतो, त्यामुळे दर वेळी आधीचं सगळं विसरलेलं असतं आणि आपण परत इंडेक्सवर भरवसा ठेवून मोकळे होतो. म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवतेय. मी लिहितेय ते अमेरिकेच्या आयसीडी टेन सीएमबद्दल, म्हणजे तिकडच्या आजारांच्या कोडबुकाबद्दल, कारण पुण्यात, नवी मुंबईत नाहीतर नाशकात बसून आपण जे चार्ट करतो ते बहुतेक तिकडचेच असतात.

आधी आजार थोडा समजून घ्या, नाहीतर कोड लक्षात राहणारच नाहीत. आपल्या नसांवर वेष्टण असतं, ते श्वान पेशींचं. या पेशींपासून ज्या गाठी होतात त्या श्वानोमा. न्यूरोफायब्रोमा ही त्याच घराण्यातली दुसरी गाठ, पण तिच्यात श्वान पेशींबरोबर बाकीचंही बरंच काही मिसळलेलं असतं. बहुतेक गाठी साध्या असतात, म्हणजे कॅन्सरच्या नव्हेत. एखाद्याला आयुष्यात एकच श्वानोमा होतो, काढला की संपलं, तो आपला विषय नाही. आपला विषय आहे ज्यांच्या जीनमध्येच बिघाड आहे म्हणून गाठी होतच राहतात अशी माणसं.

त्यात तीन वेगळे आजार. पहिला एनएफ वन, सतराव्या क्रोमोझोमवरचा जीन, साधारण तीन हजारात एकाला होतो म्हणजे तसा फार दुर्मिळही नाही, अंगावर कॉफीच्या रंगाचे डाग, काखेत बारीक ठिपके, कातडीवर मऊ गाठी, डोळ्याच्या बुबुळात लिश नोड्यूल नावाचे बारीक उंचवटे. दुसरा एनएफ टू, बाविसाव्या क्रोमोझोमवरचा जीन, हा जीन १९९३ साली सापडला, पंचवीस तीस हजारात एकाला होतो आणि याची खूण म्हणजे दोन्ही कानांच्या आठव्या नसेवर श्वानोमा, त्यामुळे ऐकू कमी येणं, कानात आवाज, तोल जाणं. तिसरा श्वानोमॅटोसिस, हाही बाविसाव्या क्रोमोझोमच्याच परिसरातला पण जीन वेगळे, एसएमएआरसीबी१ आणि एलझेडटीआर१. यात कान सहसा वाचतो, पण पेशंट दुखण्याने हैराण असतो. एनएफ वन होण्यासाठी घरात कोणाला असलंच पाहिजे असं नाही, जवळजवळ अर्ध्या पेशंटमध्ये जीनमधला बदल नव्यानेच झालेला असतो, त्यामुळे फॅमिली हिस्ट्री निगेटिव्ह दिसली म्हणून चक्रावू नका.

आता घोळ कुठे झाला ते बघा. एनएफ टूच्या पेशंटला न्यूरोफायब्रोमा सहसा होतच नाहीत, होतात ते श्वानोमा. नाव मात्र इतकी वर्षं न्यूरोफायब्रोमॅटोसिस. मग २०२२ मध्ये तज्ज्ञांनी मिळून नावं बदलली. एनएफ टूचं झालं एनएफ टू रिलेटेड श्वानोमॅटोसिस. आणि जो जुना श्वानोमॅटोसिस होता त्याला जीनप्रमाणे फोडलं, एसएमएआरसीबी१ रिलेटेड, एलझेडटीआर१ रिलेटेड, २२क्यू रिलेटेड, आणि टेस्ट झालीच नसेल किंवा टेस्टमध्ये काही सापडलं नसेल तर एनओएस (प्रकार ठरलेला नाही) नाहीतर एनईसी (दुसरीकडे कुठे न बसणारा). डॉक्टरांच्या दृष्टीने हे शंभर टक्के बरोबर आहे. पण कोडबुकातली नावं जुनीच राहिली. म्हणजे डॉक्टर नव्या नावाने लिहितो, इंडेक्स जुन्या नावाने बोलतो आणि मधे आपण सापडतो.

कोड सांगते, डोक्यात बसवून घ्या. क्यू८५.०० म्हणजे न्यूरोफायब्रोमॅटोसिस, प्रकार लिहिलेला नाही. क्यू८५.०१ टाइप वन, यात फॉन रेकलिंगहाउझेन हे नावही येतं. क्यू८५.०२ टाइप टू, यालाच अकूस्टिक न्यूरोफायब्रोमॅटोसिस म्हणायचे. क्यू८५.०३ श्वानोमॅटोसिस. क्यू८५.०९ बाकीचे प्रकार. म्हणजे चार्टमध्ये "एनएफ टू रिलेटेड श्वानोमॅटोसिस" दिसलं की तो जुना टाइप टू, क्यू८५.०२. एसएमएआरसीबी१, एलझेडटीआर१, २२क्यू, एनओएस, एनईसी यातलं काही दिसलं की क्यू८५.०३. नावातलं "श्वानोमॅटोसिस" बघायचंच नाही, त्याच्या आधी काय लिहिलंय ते बघायचं. एन्कोडर (कोड शोधून देणारं सॉफ्टवेअर) वापरत असाल तर तो हमखास ०३ पुढे करतो कारण तो शेवटचा शब्द पकडतो, त्याच्या नादाला लागू नका. आणि तुमच्या टीममध्ये हे लेखी ठरवून घ्या, लीडचा एक मेल असू दे, म्हणजे ऑडिटच्या वेळी "मला असं वाटलं" म्हणावं लागत नाही. कोडबुक दर वर्षी १ ऑक्टोबरला बदलतं, कधीकधी १ एप्रिललाही थोडं बदलतं, तेव्हा ही पाच नावं एकदा उघडून बघायची.

जुन्या लोकांसाठी एक गोष्ट. आयसीडी नाईनमध्ये हा आजार २३७.७ मध्ये होता, म्हणजे निओप्लाझमच्या (गाठींच्या) चॅप्टरमध्ये, २३७.७१ टाइप वन, २३७.७२ टाइप टू वगैरे. १ ऑक्टोबर २०१५ ला तिकडे टेन लागू झालं आणि हा उचलून सतराव्या चॅप्टरमध्ये आला, जन्मजात दोषांच्या. हे नुसतं पत्ता बदलणं नाही. सतराव्या चॅप्टरचा नियम असा आहे की हा कोड पेशंटच्या कोणत्याही वयात वापरता येतो, जन्मापासून सत्तरीपर्यंत. त्यामुळे "गाठ काढली, आता एनएफ टूची हिस्ट्री आहे" असं करायचं नाही. गाठ काढली तरी जीन काढलेला नाही, क्यू८५.०२ आयुष्यभर ॲक्टिव्ह. जी एक गाठ काढली आणि तिच्यावर आता काहीच उपचार चालू नाही, त्या गाठीपुरता पाहिजे तर झेड८६.०१ खालचा हिस्ट्री कोड घ्या. हिस्ट्री गाठीची होते, सिंड्रोमची नाही. डॉक्टर लोक नोटमध्ये बिनधास्त "हिस्ट्री ऑफ एनएफ टू" लिहितात, त्यांच्या बोलण्यात त्याचा अर्थ "याला एनएफ टू आहे" एवढाच असतो, तेव्हा खालची सगळी नोट वाचल्याशिवाय हिस्ट्रीवर जाऊ नका.

आता चार्ट हातात आला की मी काय करते ते. आधी शॉर्टफॉर्म तपासते. हसू नका, एनएफ म्हणजे नेक्रोटायझिंग फॅसायटिससुद्धा असतं, इमर्जन्सी आणि सर्जरीच्या नोटमध्ये तर तेच जास्त, तो एम७२.६. व्हीएस म्हणजे व्हेस्टिब्युलर श्वानोमा (कानाच्या त्या आठव्या नसेवरची गाठ) आणि व्हीएस म्हणजे व्हायटल साइन्स, एकाच नोटमध्ये दोन्ही अर्थाने सापडलेलं मी बघितलंय. "व्हीएस स्टेबल" हे वाक्य कुठल्या हेडिंगखाली आहे त्यावर सगळं ठरतं. आणि तिसरी खोड रेकलिंगहाउझेन साहेबांची. या माणसाने १८८२ मध्ये नसांच्या गाठींवर लिहिलं आणि नंतर १८९१ मध्ये हाडांच्या एका वेगळ्याच आजारावरही लिहिलं, आणि लोकांनी दोन्हीला त्याचंच नाव दिलं. इंडेक्समध्ये रेकलिंगहाउझेन डिसीज पाहिलं तर क्यू८५.०१, पण त्याखाली हाडांचा म्हणून वेगळी ओळ आहे, ती जाते ई२१.० ला, म्हणजे पॅराथायरॉइडच्या भानगडीत. कॅल्शियम वाढलंय, हाडं पोकळ झालीत असल्या नोटमध्ये हे नाव दिसलं तर थांबा.

मग बघायचं की डायग्नोसिस पक्कं आहे की संशय. आउटपेशंटला (दाखल नसलेल्या पेशंटला) प्रोबेबल, सस्पेक्टेड, रूल आउट, कन्सिस्टंट विथ असले शब्द असतील तर तो आजार कोड करायचाच नाही, जे लक्षण दिसतंय ते कोड करायचं. ठरलेला सीन म्हणजे पीडियाट्रिकचा चार्ट, चार वर्षांचं पोर, अंगावर सात डाग, "कॅफे ओ ले, रूल आउट एनएफ वन, जेनेटिक्सकडे पाठवतो". इथे एल८१.३, बास. आईला आजार आहे असं लिहिलं असेल तर झेड८२.७९ जोडा. आता तुम्हाला माहीत असतं की सहा किंवा जास्त डाग, पोरांमध्ये पाच मिलिमीटरपेक्षा मोठे, हा एनएफ वनच्या निकषांतला एक निकष आहे, १९८७ पासूनचा, २०२१ मध्ये ते निकष सुधारले तेव्हाही राहिलेला. डाग सात आहेत, मोजून लिहिलेत, काखेत ठिपके पण आहेत, म्हणजे दोन निकष झाले की! झाले, पण ते डॉक्टरने म्हणायचं. आपल्यातले बीएचएमएस, फिजिओ झालेले लोक इथेच फसतात, ज्ञान जास्त असतं ना. शिवाय डाग तसेच असलेला लेजियस सिंड्रोम नावाचा वेगळा आजार आहे, त्यात गाठी होत नाहीत, म्हणजे डॉक्टरचं थांबणं उगाच नसतं.

इनपेशंटला (दाखल पेशंटला) नियम उलटा. डिस्चार्जच्या वेळी "प्रोबेबल एनएफ टू" लिहिलं असेल तर हॉस्पिटलच्या कोडिंगला तो असल्यासारखाच कोड करतात. रिपोर्टचंही तसंच, आउटपेशंटला रेडिओलॉजिस्टने किंवा पॅथॉलॉजिस्टने सही करून फायनल रिपोर्टमध्ये जे पक्कं लिहिलं ते घेता येतं, इनपेशंटला नुसत्या पॅथॉलॉजीवरून घ्यायचं नाही, ट्रीटिंग डॉक्टरने म्हटलं पाहिजे. हे सगळ्यांना पाठ असतं पण एनएफच्या चार्टमध्ये बरोबर उलटं करतात, कारण एमआरआयचा इम्प्रेशन इतका ठासून लिहिलेला असतो की वाटतं आता काय राहिलंय. "फाइंडिंग्ज कन्सिस्टंट विथ एनएफ टू" हे ठासून नाही, हा संशयच आहे.

पुढचा प्रश्न गाठींचा, आणि वेळ इथेच जातो. सिंड्रोमचा कोड दिला, मग गाठीचा वेगळा द्यायचा का? सतराव्या चॅप्टरचा नियम म्हणतो की जे त्या आजाराचाच भाग आहे ते वेगळं कोड करू नका, जे त्याचा ठरलेला भाग नाही ते करा. एनएफ वन पक्कं असलेल्या पेशंटला कॉफी डागांचा एल८१.३ वेगळा द्यायचा नाही, ते उघड आहे. ऐकू कमी येतंय, ते द्यायचं, कारण प्रत्येकाला तेवढंच आणि त्याच कानात होतं असं नाही. मधला भाग वादाचा, उदाहरणार्थ एनएफ टूमध्ये कानाच्या नसेच्या गाठीचा डी३३.३. एक ऑडिटर म्हणतो अकूस्टिक हे क्यू८५.०२ मध्येच आलं, दुसरा म्हणतो गाठीवर ऑपरेशन चाललंय आणि क्लेममध्ये गाठच नाही हे कसं. माझं मत दुसऱ्याच्या बाजूने. व्हिझिट त्या गाठीसाठी असेल, एमआरआय, रेडिओसर्जरी (किरणांनी उपचार), ऑपरेशनची चर्चा, तर डी३३.३ जोडायचा, म्हणजे प्रोसिजर कशासाठी हे पेअरला (विमा कंपनीला) कळतं. पेशंट सर्दीखोकल्याला आलाय आणि डॉक्टरने यादीत एनएफ टू लिहिलंय तर क्यू८५.०२ पुरे, तोही त्या व्हिझिटमध्ये त्याचा विचार झाला असेल तरच. क्लायंटची पॉलिसी वेगळी असेल तर पॉलिसी जिंकते, त्यात भांडण नाही.

डी३३.३ ला डावं उजवं नाही, तो सगळ्या क्रेनियल नर्व्हना एकच. दोन्ही कानांत गाठ असली तरी एकदाच द्यायचा. मी सुरुवातीला दोनदा टाकायचे, सिस्टिम एडिट (चूक असल्याचा इशारा) मारायची आणि मला वाटायचं सिस्टिमच चुकलीये.

बाकीच्या नसांच्या साध्या गाठी डी३६.१ खाली, तिथे जागेप्रमाणे सहावं अक्षर नाही पण पाचवं आहे. डी३६.११ चेहरा डोकं मान, .१२ खांदा हात, .१३ कंबरेपासून पाय, .१४ छाती, .१५ पोट, .१६ ओटीपोट. यातही डावं उजवं नाही. पाठीच्या कण्यात मज्जारज्जूतलीच गाठ असेल तर डी३३.४. एनएफ टूवाल्यांना मेनिंजिओमा (मेंदू आणि मज्जारज्जूच्या आवरणाच्या गाठी) पण होतात, ते डी३२, मेंदूचा डी३२.० आणि स्पायनल डी३२.१. शोधताना निओप्लाझम टेबलवर थेट उडी मारू नका, आधी इंडेक्समध्ये गाठीचं नाव बघा, श्वानोमा, न्यूरोफायब्रोमा, मेनिंजिओमा, ते तुम्हाला सांगतं टेबलात कुठल्या ओळीला जायचं. श्वानोमा शोधलं तर नर्व्ह, बिनाइनकडे (नसेची साधी गाठ) पाठवतं. टेबलात थेट स्किन बघितलं तर भलतंच काही हाती लागतं.

आणि हे लक्षात ठेवा, एका माणसाला चार श्वानोमा असले म्हणून आपण त्याला श्वानोमॅटोसिस देऊ शकत नाही. डॉक्टरने "मल्टिपल श्वानोमाज" लिहिलं तर जागेप्रमाणे डी३६.१ चे कोड. "मॅटोसिस" हा शब्द त्याच्या पेनातून आला पाहिजे.

कॅन्सर झाला तर गणित बदलतं. एनएफ वनच्या पेशंटमध्ये प्लेक्सिफॉर्म (नसांवर जाळ्यासारख्या पसरलेल्या) गाठीचं रूपांतर कधीकधी घातक गाठीत होतं, नोटमध्ये एमपीएनएसटी असं लिहितात. तो सी४७ मध्ये, आणि इथे हातापायाला डावं उजवं आहे, सी४७.११ उजवा हात, सी४७.१२ डावा, सी४७.२१ उजवा पाय, सी४७.२२ डावा. उपचार कॅन्सरवर चालू असेल तर तो पहिला आणि क्यू८५.०१ नंतर. डोळ्याच्या नसेचा ग्लायोमा (एक प्रकारची गाठ) पण एनएफ वनमध्ये होतो, लहान मुलांमध्ये जास्त, आणि इंडेक्समध्ये ग्लायोमा मॅलिग्नंटकडेच पाठवतो, म्हणजे सी७२.३ खाली. ते बघून लोक घाबरतात की एवढ्याशा पोराला कॅन्सरचा कोड कसा देऊ, डॉक्टर तर म्हणतोय हळू वाढणारा आहे, नुसतं लक्ष ठेवू. इंडेक्स जिथे पाठवतो तिथे जायचं, आपल्या मनाने सौम्य कोड शोधायचा नाही, खटकलंच तर क्वेरी टाकायची, म्हणजे डॉक्टरला लेखी विचारायचं.

दुखण्याबद्दल थोडं जास्त लिहिते कारण हे सगळ्यात जास्त राहून जातं. श्वानोमॅटोसिसचा पेशंट पेन क्लिनिकला येतो, वर्षानुवर्षं. लोक काय करतात, हाताचं दुखणं म्हणून एम७९ मधला काहीतरी कोड नाहीतर जी८९.२९ क्रॉनिक पेन टाकतात. पण जी८९.३ आहे ना. त्याचं नाव निओप्लाझम रिलेटेड पेन, आणि गाइडलाइनमध्ये कॅन्सरबरोबर नुसतं ट्यूमर असंही स्पष्ट लिहिलंय, म्हणजे साधी गाठसुद्धा चालते. ॲक्यूट असो की क्रॉनिक, एकच कोड. व्हिझिट दुखणं आटोक्यात आणण्यासाठीच असेल तर जी८९.३ पहिला येतो आणि गाठ, सिंड्रोम त्याच्यामागून. व्हिझिट गाठीच्या उपचारासाठी असेल आणि दुखण्याचाही उल्लेख असेल तर तो मागे जातो. दुखण्याच्या जागेचा वेगळा कोड लागत नाही. अट एकच, दुखणं गाठीमुळे आहे हे डॉक्टरने जोडून दिलेलं पाहिजे. "श्वानोमॅटोसिस. हात दुखतो." असं दोन ओळींत सुटं लिहिलं असेल तर ते जोडलेलं नाही.

जेनेटिक्सच्या व्हिझिट वेगळ्या. काहीही लक्षण नसलेला भाऊ टेस्ट करायला आला तर त्याला आजाराचा कोड नाही, घरात आजार आहे म्हणून झेड८२.७९. त्याची टेस्ट पॉझिटिव्ह आली पण अजून गाठ नाही, डाग नाहीत, आणि डॉक्टरनेही आजार आहे असं म्हटलं नाही, तर झेड१५.८९ बघा. नुसता जीन रिपोर्ट बघून क्यू८५.०१ देऊ नका, नव्या निकषांतही एकटा जीन रिपोर्ट एनएफ वन ठरवायला पुरत नाही, सोबत दुसरं काहीतरी लागतं. मूल होऊ द्यायचं का यासाठी जोडपं सल्ल्याला आलं तर झेड३१.५, तसलं काही नसताना नुसता सल्ला तर झेड७१.८३.

क्वेरीचं सांगते, कारण या आजारात क्वेरी टाकायला लोक लाजतात, वाटतं आपल्यालाच कळत नाहीये. तीन वेळा मी हमखास टाकते. एक, नुसतं "न्यूरोफायब्रोमॅटोसिस" लिहिलंय पण नोटमध्ये दोन्ही कानांच्या गाठी आहेत, क्यू८५.०० टाकून पुढे जाणं सोपं असतं पण तो आळस आहे. दोन, नुसतं "श्वानोमॅटोसिस" लिहिलंय आणि दोन्ही बाजूंना व्हेस्टिब्युलर श्वानोमा, म्हणजे हा नव्या नावातला एनएफ टू असू शकतो, पण ठरवणारी मी कोण. तीन, सेगमेंटल किंवा मोझाइक एनएफ (अंगाच्या काही भागातच किंवा काही पेशींतच असलेला), कारण कोणी त्याला वनमध्ये धरतं कोणी ०९ मध्ये. क्वेरीत पेशंटचे मुद्दे लिहायचे, कुठल्या तारखेच्या एमआरआयमध्ये काय दिसलं, मग विचारायचं की प्रकार स्पष्ट करता का, आणि पर्याय द्यायचे, सोबत "इतर" आणि "सांगता येत नाही" हे दोन्ही ठेवायचे. कोडचा नंबर किंवा पैशाचा विषय त्यात येता कामा नये. "हा एनएफ टूच आहे ना?" असं विचारलं तर ती लीडिंग क्वेरी (उत्तर तोंडात घालणारी), ऑडिटला उलटी पडते.

एक पूर्ण चार्ट बघू, मी बनवलेला. ३४ वर्षांची बाई, ईएनटीला फॉलोअप. एनएफ टू रिलेटेड श्वानोमॅटोसिस, जीन टेस्टने पक्कं. दोन्ही कानांत व्हेस्टिब्युलर श्वानोमा, डावा वाढतोय. ऐकू कमी येणं दोन्ही बाजूंना, सेन्सरीन्यूरल (आतल्या कानातल्या किंवा नसेतल्या दोषामुळे). डाव्या कानात सतत आवाज. पाच वर्षांपूर्वी उजव्या मांडीतला श्वानोमा काढला, तिथे आता काही नाही. आज एमआरआय बघून रेडिओसर्जरीचा सल्ला दिला. तर पहिला क्यू८५.०२, मग डी३३.३ एकदाच, मग एच९०.३, मग डाव्या कानाच्या टिनिटसचा एच९३.१२, आणि मांडीच्या गाठीला झेड८६.०१ खालचा हिस्ट्री कोड, डी३६.१३ नाही. हीच बाई एका कानाने ऐकू शकत असती, म्हणजे उजवा गेलेला आणि डावा व्यवस्थित, तर एच९०.३ च्या जागी एच९०.४१. पण त्या कोडच्या नावातच आहे की दुसऱ्या कानाचं ऐकणं नॉर्मल पाहिजे, तेव्हा ऑडिओग्रामबद्दल डॉक्टर काय म्हणतो ते वाचूनच.

प्रोसिजरचं थोडक्यात. नसेवरची गाठ काढण्याचे सीपीटी कोड (प्रोसिजरचे कोड) तीन, ६४७८८ कातडीतल्या बारीक नसेची, ६४७९० मोठ्या पेरिफेरल नसेची, ६४७९२ पसरलेली किंवा घातक. कोणत्या नसेवरून काढली हे ऑपरेटिव्ह नोटच्या बॉडीत असतं, हेडिंगमध्ये फक्त "एक्सिजन ऑफ मास" असतं, त्यामुळे हेडिंग वाचून ११४०० च्या सिरीजमधला कातडीचा कोड टाकणारे खूप आहेत. कानाच्या गाठीला मागून कवटी उघडली तर ६१५२०, कानामागच्या हाडातून गेले तर ६१५२६, आणि तिथे बऱ्याचदा ईएनटी आणि न्यूरोसर्जन दोघं मिळून एकच ऑपरेशन करतात, तेव्हा दोघांनाही ६२ मॉडिफायर (दोन सर्जन मिळून केलं हे सांगणारी कोडला जोड) आणि दोघांच्याही स्वतंत्र नोट लागतात. रेडिओसर्जरीत श्वानोमा आकाराने लहान असला तरी कॉम्प्लेक्स धरतात, म्हणून ६१७९८, सिंपलचा ६१७९६ नाही. सेल्युमेटिनिबसारख्या औषधाचं प्रायर ऑथोरायझेशन (विमा कंपनीची आधी घ्यायची परवानगी) आलं तर क्यू८५.०१ पाचव्या अक्षरापर्यंत आणि नोटमध्ये "प्लेक्सिफॉर्म" हा शब्द आहे ना ते बघा, ते औषध एप्रिल २०२० मध्ये मंजूर झालं तेच मुळी एनएफ वनच्या लहान मुलांमधल्या, ऑपरेशनने काढता न येणाऱ्या प्लेक्सिफॉर्म गाठींसाठी, तिथे क्यू८५.०० गेला की फाइल परत येते.

आणि ज्या मुली अमेरिकेचं काम सोडून इथल्याच हॉस्पिटलच्या नाहीतर टीपीएच्या (विम्याचे क्लेम हाताळणाऱ्या कंपनीच्या) कामाला लागल्यात त्यांनी हे पाच आकडी सगळं बाजूला ठेवा. इथे डब्ल्यूएचओचं आयसीडी टेन, त्यात नुसता क्यू८५.०, वन टू श्वानोमॅटोसिस सगळे त्या एकातच. तिथे ०३ टाइप केलं तर सॉफ्टवेअर सरळ इनव्हॅलिड कोड म्हणतं.